घरटी एक माणूस

माझ्या वडिलांना मी एक जपानी सिनेमा औषध म्हणून दाखवला. आज हे लिहिताना हसू येते. त्या दिवशी मात्र तो उपचार मला अतिशय शास्त्रशुद्ध वाटला होता.

जुलैच्या सुरुवातीला बाबांच्या छातीत कळ आली आणि माणिकपूरच्या एका इस्पितळात त्यांच्या धमनीत स्टेंट बसवला गेला. सहा आठवडे वजन उचलायचे नाही, जोर लावायचा नाही, पाण्याचिखलात उतरायचे नाही, मनाला ताण द्यायचा नाही, अशी यादी डॉक्टरांनी दिली. ती मी छापून फ्रिजवर लावली. बाबांनी ती एकदा वाचली आणि विचारले, "अमावस्या कधी हाय?"

प्रश्नाचा अर्थ घरात सगळ्यांना कळत होता. आमची भातखाचरे खाडीला लागून आहेत. खाडी आणि खाचरे यांच्यामध्ये मातीचा एक लांब बांध आहे आणि बांधात दगडी चौकट असलेली एक उघाडी आहे. ओहोटीला तिच्यातून पावसाचे पाणी बाहेर सोडायचे आणि भरतीला ती बंद ठेवून खारे पाणी आत येऊ द्यायचे नाही, एवढे तिचे काम. मध्यंतरी तिला लोखंडी दार बसले होते. खाऱ्या हवेत ते फार टिकले नाही. आता पुन्हा जुनी पद्धत चालते. चौकटीच्या खाचांत एकावर एक लाकडी फळ्या सरकवायच्या आणि फटींत चिखल व पेंढा ठासायचा. एरवी हे काम दोघे जण करतात. पण आषाढातल्या अमावस्येच्या उधाणाला पाणी नेहमीच्या फळ्यांच्या वर चढते, आणि त्या दिवशी जुना नियम लागू होतो: घरटी एक माणूस. हाक आली की प्रत्येक घरातून एकाने बांधावर यायचे. पूर्वी सतरा घरे येत. काहींनी जमिनी विकल्या, काही नोकरीत गेली, आता सात येतात. बाकीची घरे व्हॉट्सॲपवर हात जोडल्याचे चित्र पाठवतात.

आमच्या घरातून गेली चाळीस वर्षे बाबा जात होते. एकदाही चुकले नव्हते. त्यांच्यानंतर घरात आई आणि मी.

माझ्याविषयी इतके सांगणे पुरेसे आहे. मी भौतिकशास्त्रात एमएस्सी केले आहे, मापनयंत्रांच्या एका प्रयोगशाळेत नोकरी करते, आणि जपानमधल्या एका विद्यापीठात संशोधनासाठी जागा मिळावी म्हणून गेली दोन वर्षे रोज सकाळी जपानी भाषा शिकते. मला पोहता येत नाही. खाडीपासून चालत सात मिनिटांच्या अंतरावर वाढूनही मी भर उधाणाच्या वेळी बांधावर कधी गेले नव्हते. लहानपणी एकदा उघाडीच्या दगडावरून खाली पाहिले होते. तपकिरी पाणी आतल्या आत गोल फिरत होते आणि त्यात एक नारळ खाली जाऊन पुन्हा वर आलाच नाही. त्यानंतर मी त्या दगडावर पाय ठेवला नव्हता.

अमावस्येला चार दिवस राहिले तसे बाबा अस्वस्थ झाले. खिडकीशी उभे राहून वारा पाहायचे. शेजारच्या काकांना, म्हणजे बांधावरच्या कामाचे पुढारपण करणाऱ्या गृहस्थांना, दिवसातून तीनदा फोन करायचे. रक्तदाब वाढू लागला. मी तो दिवसातून दोनदा वहीत नोंदवत होते आणि आलेखाची दिशा मला आवडत नव्हती. त्यांचे मन दुसरीकडे वळवणे आवश्यक होते. बातम्यांनी ताण वाढतो, क्रिकेटने जास्तच वाढतो, मालिकांत सासवासुना ओरडतात. माझ्या जपानी शिकवणाऱ्या बाईंनी ऐकण्याच्या सरावासाठी एक जुना कृष्णधवल सिनेमा सुचवला होता. युद्ध संपल्यानंतरच्या एका खेड्याचे आयुष्य, फार संथ, फार थोडे संवाद, असे त्यांनी सांगितले होते. शेतकऱ्याला शेतकऱ्यांचा संथ सिनेमा दाखवावा, इतके सरळ माझे गणित होते. तो आधी स्वतः पाहून घ्यावा हे मला सुचले नाही. प्रयोगशाळेत अशा चुकीबद्दल मी नवख्या मुलांना रागावते.

रविवारी दुपारी लॅपटॉप टीव्हीला जोडला. खाली इंग्रजी अक्षरे येत होती. ती वाचून मी आमच्या घरच्या बोलीत मोठ्याने सांगत गेले. आमच्याकडे परभाषेतला सिनेमा असाच बघतात. एकाने वाचायचे, बाकीच्यांनी शंका काढायच्या.

पहिल्या दृश्यात सैनिकी टोपी घातलेला एक माणूस रिकाम्या हाताने बांधावरून चालत येतो. बराच वेळ फक्त बेडकांचा आवाज. कोणी युद्धाचे नाव काढत नाही. गावच्या देवळातली घंटा युद्धाच्या काळात धातूसाठी नेलेली असते, म्हणून लोकांना बोलवायचे झाले की एक म्हातारा तेलाचा रिकामा डबा बडवतो. मग लावणी सुरू होते. बायका दोरी ताणून एका ओळीत रोपे लावतात.

"दाट लावतात," बाबा म्हणाले. "एवढी दाट कोन लावतं?"

"त्यांचं भात वेगळं असेल."

"भात वेगळं, माती तर तीच हाय ना?"

"मगाधरनं बघते," आई म्हणाली, "ती बाई जेवते कधी?"

ती बाई म्हणजे एका घरातली सून. तिचा नवरा युद्धावरून परतलेला नव्हता. तो जिवंत असल्याचे पत्र नव्हते आणि मेल्याचा कागदही नव्हता. घरात ती आणि तिचा सासरा. सासऱ्याची छाती अधू. पायऱ्या चढताना तो भिंतीला हात लावून थांबे. पहिल्यांदा तो थांबला तेव्हा मी बाबांकडे पाहिले नाही. दुसऱ्यांदा थांबला तेव्हा माझा हात लॅपटॉपच्या कळांकडे गेला.

आणि मग पडद्यावर खाडी आली. बांध आला. दगडी चौकट, खाचा, फळ्या, पेंढा. बाबा खुर्चीत पुढे सरकले.

"ही तर उघाडी!"

"हो."

"फळ्या आपल्यासारख्याच. बघ, बघ, चिखल कसा ठासतो तो."

वादळ येणार असते. गावचा म्हातारा डबा बडवत गल्लीतून जातो आणि हाक देतो. मी अक्षरे वाचली आणि वाचून झाल्यावर मला त्यांचा अर्थ कळला. मी म्हटले होते, "घरटी एक माणूस."

बाबा हसले. आजारपणानंतर ते पहिल्यांदाच असे मोकळे हसले. "ऐकलंस का गं? त्यांच्यात पन हाय!"

पडद्यावर सून विहिरीवर गेलेली असते. अंथरुणातला सासरा डोळे उघडतो. डब्याचा आवाज जवळ येतो. तो उठून बसतो. गवताच्या चपला पायात घालतो, एकेका पायात, अगदी सावकाश. उंबऱ्याशी छातीवर हात ठेवून उभा राहतो आणि दार सरकवतो.

मी कळ दाबली. चित्र गोठले.

"काय झालं?"

"नेट गेलं."

हे पहिले खोटे. वाट पाहू म्हणून आई चहा करायला उठली. बाबा पडद्यावरच्या त्या म्हाताऱ्याकडे बघत राहिले. दारात एक पाय आत, एक बाहेर, असा तो थिजला होता.

"पुढं काय होतं? तू बघितला असशील."

"हो." हे दुसरे. "तो जात नाही. सून विहिरीवरून येते, त्याला परत झोपवते आणि त्याच्या जागी स्वतः जाते."

"आनि लोक तिला येऊ देतात?"

"देतात. जागा करून देतात."

"फळीवर कोन उभं ऱ्हातं?"

मला तोंडी परीक्षेची सवय आहे. प्रश्न आला की उत्तर पूर्ण द्यायचे, चाचरायचे नाही. "तीच उभी राहते," मी म्हणाले. "सगळी रात्र. आणि बांध टिकतो."

"बरं," बाबा म्हणाले, आणि शांतपणे चहा प्यायले. संध्याकाळचा रक्तदाब चांगला आला. मी वहीत नोंद करून खाली रेघ मारली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते फोनवर काकांशी बोलत होते. "नाय, मी नाय येत. पोरगी येते." मी स्वयंपाकघरातून धावत बाहेर आले. त्यांनी फोन ठेवला आणि माझ्याकडे पाहून म्हणाले, "त्या म्हाताऱ्यानं सून धाडली. मी लेक धाडतो."

"बाबा, तो सिनेमा आहे."

"मग? खोटं थोडंच दाखवतात?"

मी पर्याय मांडले. कोणाला तरी कामावर घेऊन पाठवू. त्यावर ते म्हणाले, माणूस घरचा लागतो. भाड्याचा माणूस पाणी वाढलं की आधी स्वतःचा जीव बघतो. यंदा आपले घर वगळावे असे काकांना सांगू. त्यावर त्यांनी फक्त कोपऱ्यातल्या आपल्या गमबुटांकडे पाहिले. पर्याय दोनच होते आणि दोन्ही माझ्या समोर उभे होते. मी गेले नाही तर ते जातील.

सोमवारी कामावरून परतताना मी गाडीत कागदावर गणित केले. चौकट मीटरभर रुंद. बाहेरचे पाणी आतल्यापेक्षा दीड मीटर उंच. तळाच्या एका फळीवर साडेतीनशे किलोंच्या आसपास भार. तळाच्या फळ्या त्या भारानेच खाचेत घट्ट बसतात. त्यांची चिंता नाही. सर्वांत वरची फळी मात्र पाणी जेमतेम तिच्या निम्म्यावर येते तेव्हा लाकूड असल्यामुळे तरंगू पाहते. तिला पाचर मारून अडकवेपर्यंत तिच्यावर वजन द्यावे लागते. म्हणून फळीवर माणूस उभे राहते. भीती समजली की कमी होते असे मी अनेकांना सांगितले आहे. माझ्या बाबतीत उलटे झाले. आता मला तिचे आकडेही माहीत होते.

अमावस्येला आईने घरातले दिवे घासून पाटावर मांडले. मोठे उधाण दुसऱ्या दिवशी दुपारी बाराच्या पुढे होते. मी रजा घेतली. दहा वाजता बाबांचे गमबूट घालून, पुढे कापडाचे बोळे कोंबून, मी निघाले. मोबाईल प्लास्टिकच्या पिशवीत गळ्यात अडकवला होता. आईला तीनदा बजावले, "त्यांना बाहेर पडू देऊ नकोस." बाबा दारापर्यंत आले आणि इतकेच म्हणाले, "खाली बघू नको. दगडाला धर."

बांधावर सहा माणसे होती. पाच पुरुष आणि एक वहिनी. तिचा नवरा बोटीवर असतो, म्हणून त्या घरातून गेली काही वर्षे तीच येते. पाऊस थांबून थांबून पडत होता. पलीकडे नालासोपाऱ्याच्या इमारती पाण्यात उभ्या असल्यासारख्या दिसत होत्या.

"आली बघा मॅडम," एक जण म्हणाला. "लॅपटॉप घरी ठेवला का?"

"हिला धरून ठेवा रे कोन तरी, वाऱ्यानं उडंल."

"गप ऱ्हावा," काका म्हणाले. मग मला, "बाय, तू काय करायचं नाय. फळी बसली की तिच्यावर उभं ऱ्हायचं. वजन द्यायचं."

"वजन हाय कुठं तिच्यात?" वहिनी हसली. "ये गं, खिशात दोन दगड घाल."

तिने खरोखर माझ्या रेनकोटाच्या खिशांत दोन दगड घातले. सगळे हसले, मीही हसले असावे. मला आठवते ते इतकेच की मी लगेच त्या दोन दगडांचे वजन माझ्या वजनात मिळवून पाहिले.

पाणी मला वाटले होते तसे आले नाही. लाट नाही, गर्जना नाही. ते नुसते वर येत राहिले. तिवरांची मुळे गेली, मग बुंधे, मग खालच्या फांद्या. माणसे ओणवी होऊन फटींत चिखल ठासत होती. बाराच्या सुमारास काकांनी शेवटची फळी खाचेत सरकवली आणि मला हात दिला. मी लहानपणी टाळलेल्या त्या दगडावरून फळीवर उतरले. डाव्या हाताने चौकटीचा दगड धरला. एका बाजूला टाचेच्या खाली पाणी. दुसऱ्या बाजूला माणूसभर खोल आमचे भात, हिरवेगार. फळी पायाखाली जिवंत वाटत होती. ती हलकेच वर यायची, माझे वजन तपासून पाहायची आणि खाली बसायची.

ठोकताना पाचर उभी चिरली. जुनी होती. "दुसरी तासतो," काका म्हणाले, "तवर हलू नको." आणि दोघांना घेऊन ते बांधाच्या उतारावर लाकूड तासायला बसले. दहा मिनिटांचे काम. मी मनात सेकंद मोजू लागले. मोजणे हा माझा जुना उपाय आहे.

दोनशेच्या पुढे कुठेतरी गळ्यातला फोन वाजला. आई होती. "बाबा घरात नायत गं. मी जरा परसात गेले तेवढ्यात. गमबूट तुझ्याकडं, अनवानी गेलेत."

मी मान वळवली. बांधाच्या वळणावर, शे-दीडशे पावलांवर, पांढरा सदरा दिसला. तो चालत होता. मग थांबला. मग गुडघ्यांत वाकला, एक हात जमिनीकडे गेला आणि तो बांधावर खाली गेला. बसला की पडला ते मला दिसले नाही.

मी विचार केला असे म्हणणे खोटे ठरेल. मी फळी सोडली.

दगडावर चढले आणि धावत सुटले. मागे काहीतरी ओरडणे झाले, लाकूड आपटल्याचा आवाज आला, पाण्याचा आवाज एकदम बदलला. मला ते सगळे ऐकू आले होते, हे मी इथे स्पष्ट लिहिते. कोणी ओरडले ते ऐकू आले नाही, असे मी नंतर सांगू शकले असते.

बाबा गुडघ्यांवर बसले होते. त्यांचा उजवा हात कोपरापर्यंत बांधात होता. खेकड्याने पोखरलेल्या बिळातून पाणी झिरपत होते आणि ते त्यात चिखल कोंबत होते.

"बाबा!"

त्यांनी वर पाहिले. त्यांच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला, तो मला पाहून. "फळीवर कोन हाय?"

"कोणी नाही."

"पळ."

मी त्यांचे मनगट धरले. पंधरा सेकंद नाडी मोजायची आणि चाराने गुणायचे.

"पळ म्हनतो ना!" त्यांनी हात हिसकावला. मी पुन्हा धरला. पहिली मोजणी वाया गेली होती, म्हणून पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. नाडी जलद होती, पण नियमित. नियमित आहे हे कळल्यावरच मी उठले.

मी परतले तेव्हा फळी पाण्यातून शोधून काढून दोघे जण तिच्यावर उभे होते आणि काका नवी पाचर ठोकत होते. खारे पाणी दहाएक मिनिटे आत येत राहिले होते. उघाडीजवळची दोन खाचरे सर्वांत सखल. एक आमचे, एक काकांचे. दोन्हींत भाताची फक्त टोके दिसत होती.

कोणी मला रागावले नाही. ते रागावले असते तर बरे झाले असते. काका पाचरेवर शेवटचा घाव घालून म्हणाले, "पाऊस हाय. धुऊन जाईल." वहिनीने माझ्या खिशातले दगड काढून खाडीत टाकले. "बाप होता गं," ती म्हणाली. "मी पन पळाले असते." तिने असे म्हणायला नको होते, कारण ती पळाली नसती हे आम्हा दोघींनाही माहीत होते.

पुढचे आठ दिवस मी सकाळ-संध्याकाळ प्रयोगशाळेचे क्षारतामापक घेऊन दोन्ही खाचरांत उतरत होते. ओहोटीला पाणी सोडायचे, पावसाचे साठू द्यायचे, पुन्हा सोडायचे. आकडे उतरत गेले. आमचे भात पिवळे पडून सावरले. काकांच्या खाचराचा खालचा कोपरा मात्र गेला. काकांनी तिथे मेलेली रोपे स्वतः उपटली, मी मदतीला गेले तर म्हणाले, "ऱ्हाऊ दे, तुला ट्रेन असंल."

बाबा दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी मीच त्यांच्यासमोर बसले.

"त्या सिनेमात सून जाते की नाही ते मला माहीत नाही," मी म्हणाले. "नेट गेलं नव्हतं. मी थांबवलं."

"मना ठाव हाय."

"कसं?"

"तुझ्या त्या नेटच्या डब्यावर हिरवा दिवा चालू होता. मी आजारी हाय, आंधळा नाय."

"मग मला का पाठवलंत?"

"उंबऱ्यात तो थांबला ना, छातीला हात लावून," ते म्हणाले, "तवा मी भ्यालो. मना जायचं नव्हतं. चाळीस वर्सांत पहिल्यांदा जायचं नव्हतं. तू म्हनालीस सून जाते, मना बरं वाटलं. सुटलो वाटलं." मग पंख्याकडे बघत, "आनि तू गेल्यावर तुझीच भीती वाटायला लागली. घरात बसवेना."

त्यांना भीती वाटू शकते, हे मी कुठल्याच वहीत नोंदवले नव्हते.

"परत तसंच झालं तर मी परत फळी सोडीन," मी म्हणाले. "आधीच सांगते."

"मग तुला धाडून काय उपेग?"

"काहीच नाही."

"मग मीच जातो."

"मी जाऊ देणार नाही."

आई दारात उभी राहून ऐकत होती. "नारळी पुनवेला परत पानी हाय," ती म्हणाली. "तोवर भांडा दोघं."

त्या आठवड्यात मी सिनेमाचा उरलेला भाग एकटीने पाहिला. म्हातारा दाराबाहेर पडतो. बांधावर पोचतो. काम करणारे त्याला पाहतात आणि कोणीतरी एक पालथी टोपली पुढे सरकवतो. तो तिच्यावर बसतो आणि बसून सूचना देत राहतो. वादळ वाढते, सगळे फळ्यांशी झुंजत असतात, म्हाताऱ्याचा आवाज वाऱ्यात येत-जात राहतो. पहाटे पाणी उतरते. रात्रभर वादळात अडकलेली सून विहिरीवरची बादली हातात घेऊनच शोधत येते आणि त्याच्या खांद्याला हात लावते. तो केव्हा गेला ते कोणालाच कळलेले नसते. त्यानंतर सिनेमात अर्धा तास आहे. त्यात पीक येते. मी तो पूर्ण पाहिला, कारण सुरू केलेले निरीक्षण अर्धवट सोडू नये. पण मला त्यातले काही आठवत नाही.

मी डॉक्टरांना फोन केला. सावकाश चालायला आणि बसायला हरकत नाही, ते म्हणाले. उलट घरात कोंडून घालू नका. बाबांना मी सिनेमाचा शेवट सांगितला नाही. त्यांनी विचारलाही नाही.

नारळी पौर्णिमेला आम्ही तिघे गेलो. आईने अंगणातली प्लास्टिकची खुर्ची डोक्यावर घेतली होती. तिने ती उघाडीपासून दहा पावलांवर रोवली, बाबांना बसवले, हातात छत्री दिली आणि सांगितले, "मातीला हात लावाल तर खुर्चीसकट घरी नेईन." मग तीही चिखल देणाऱ्यांच्या रांगेत जाऊन उभी राहिली.

"आता मोजमाप करायला मॅडम आल्या, हुकूम सोडायला राजा आला," कोणीतरी म्हणाले.

"फळीवर कोन?" काकांनी विचारले. त्यांनी माझ्याकडे पाहिले नव्हते, पण प्रश्न मलाच होता.

"मी."

"उभी ऱ्हाशील?"

"पाचर नवी आहे का?" मी विचारले.

"हाय. पन वारा हाय. पानी उतरेस्तोवर भरवसा नाय."

मी उतरले. डावा हात दगडाला, तोंड खाडीकडे. काम असे आहे की पाण्याकडे पाहावे लागते; बाबांची खुर्ची माझ्या पाठीमागे होती. मला दिसत नव्हते, फक्त ऐकू येत होते. "डावीकडं गळतं. डावीकडं! अरे पेंढा आधी, चिखल मग. तुमच्या आज्यानं शिकवलं नाय काय?" माणसे त्यांना उलट बोलत होती, आई त्यांना गप्प करत होती. तो आवाज चालू होता तोवर मला खाडीची फारशी भीती वाटली नाही. फळी वर येत होती, मी तिला खाली दाबत होते.

पाणी जवळजवळ सर्वांत वर आले तेव्हा वारा फिरला आणि मागचा आवाज थांबला.

मी वाट पाहिली. कोणी त्यांना उत्तर देत नव्हते. आईचाही आवाज नव्हता. फक्त फावडी चालत होती. मी सेकंद मोजू लागले आणि मोजणी चुकली. माझ्या आयुष्यात मोजणी चुकल्याचे मला दुसरे उदाहरण आठवत नाही. मान वळवली की तोल जाईल, तोल गेला की फळी सुटेल. हे कारण खरे होते. मान वळवण्याचे धैर्य नव्हते, हेही खरे होते. पायाखाली फळी वर आली. मी दोन्ही टाचा रोवल्या आणि शक्य तितक्या जोराने ओरडले, "बाबा! पाणी किती चढायचं राहिलं?"

उत्तर आले नाही. फळी पुन्हा उचलली गेली, या वेळी बोटभर जास्त, आणि माझ्या टाचांखालून गार पाण्याची एक पट्टी आत सरकली. मी दगड अधिक घट्ट धरला. पुन्हा ओरडले.

"समोर बघ!" मागून खेकसल्याचा आवाज आला. "पानी मोजायला मी तुझ्याकडं नोकरीला हाय काय? टाच दाब, टाच!"

मी टाच दाबली. मागे ते कोणाला तरी पेंढ्यावरून बोलू लागले होते आणि समोर पाणी अजून बोटभर चढायचे होते.